सिरम संपण्याआधी हप्ता संपला पाहिजे: सौंदर्यप्रसाधने 'पे लेटर'वर घेताना

गावातल्या पसरकाराच्या वहीत नाव असले की साबण, तेल, शांपू महिनाभर उधारीवर येतात आणि पगार झाला की वहीवर रेघ ओढली जाते. मोबाईलवरचे 'पे लेटर'चे बटण त्याच वहीसारखे दिसते. फरक एवढाच की पसरकार चार दिवस थांबतो, आणि तुम्ही थकवलेत हे फार तर वाड्यावरच्या लोकांना कळते. ॲप थांबत नाही, आणि थकल्याची नोंद देशभरातल्या बँकांना दिसते. बटण दाबले की बहुतेक वेळा एखाद्या बँकेने किंवा वित्तीय कंपनीने तुमच्या पॅनवर कर्ज दिलेले असते, मग ते चारशे रुपयांच्या लिपस्टिकचे का असेना.

हे कर्ज वाईटच असते असे नाही. योग्य वस्तूवर, योग्य महिन्यात घेतले तर ते फुकटही पडते. पहिल्यांदाच वापरणार असाल तर पुढचा क्रम पाळा.

पहिले काम: वस्तू किती दिवस पुरते ते मोजा

किंमत नंतर बघा. आधी बघायचे ते त्या बाटलीचे आयुष्य.

३० मिलीच्या सिरममध्ये साधारण ६०० थेंब असतात. सकाळी पाच, रात्री पाच असे लावले तर बाटली साठ दिवसांत रिकामी होते. सनस्क्रीनचा हिशेब आणखी कडक आहे. चेहरा आणि मान मिळून दोन बोटांच्या लांबीएवढे, म्हणजे एका वेळेला साधारण एक ग्रॅम लागते. सकाळी एकदा आणि दुपारी पुन्हा एकदा लावणाऱ्याची ५० ग्रॅमची ट्यूब पंचवीस दिवसांत संपते. गोव्याच्या उन्हात ती दोनदा लावलीच पाहिजे, त्यामुळे 'दोन महिने पुरेल' हा अंदाज सोडून द्या. मस्कारा उघडल्यापासून तीन महिन्यांत टाकून द्यायचा असतो, भरलेला असला तरी. लिपस्टिक वर्षभर सहज चालते. हेअर ड्रायर किंवा स्ट्रेटनर नीट वापरला तर दोन-तीन वर्षे कुठे जात नाही.

नियम एकच: शेवटचा हप्ता वस्तू संपण्याच्या आधी गेला पाहिजे. ड्रायर तीन किंवा सहा हप्त्यांवर घेणे ठीक. सिरम फार तर एका महिन्याच्या उधारीवर. सनस्क्रीन, फेसवॉश, शांपू, कापूस, वॅक्स या दर महिन्याच्या वस्तू हप्त्यांवर घेऊच नका.

का, ते आकड्यांत बघा. ६०० रुपयांची सनस्क्रीन तीन हप्त्यांवर, म्हणजे महिन्याला २००. पहिल्या महिन्यात २०० गेले, बरे वाटले. तोवर ट्यूब संपली, दुसरी घेतली. दुसऱ्या महिन्यात ४०० गेले. तिसऱ्या महिन्यात तीन ट्यूबांचे तीन हप्ते मिळून ६०० गेले, आणि तिथून पुढे दर महिन्याला ६००च जातात. रोखीने घेतली असती तरी तेवढेच गेले असते. सवलत मिळाली ती फक्त पहिल्या दोन महिन्यांची. शुल्क असेल तर ते मात्र दर ट्यूबला द्यायचे. शिवाय ज्या दिवशी हे थांबवायचे ठरवाल, त्या दिवशी वापरून संपलेल्या ट्यूबांचे हप्ते अंगावर उरलेले असतात.

आपल्याकडे दमट हवेचाही विचार करावा लागतो. डब्यामागे उघड्या बरणीचे चिन्ह असते आणि त्यात ६एम, १२एम असे लिहिलेले असते. उघडल्यावर तेवढे महिने ती वस्तू चांगली राहते. पण हे नीट जागी ठेवलेल्या वस्तूचे गणित. न्हाणीघरातल्या फळीवर, आंघोळीच्या वाफेत ठेवलेले व्हिटॅमिन सीचे सिरम त्याच्या कितीतरी आधी तपकिरी पडते. हवा, उजेड आणि उष्णता हे त्याचे तीन वैरी. 'तीन हप्ते आहेतच, तर मोठी बाटली घेऊ' हा मोह अशा वस्तूंच्या बाबतीत दुहेरी नुकसानीचा आहे. १० किंवा १५ मिलीची लहान बाटली रोखीने घ्या.

बटण एक, योजना चार

दुकानाच्या पडद्यावर सगळ्याला 'पे लेटर' किंवा 'ईएमआय'च म्हणतात. आत चार वेगळे प्रकार असतात.

पंधरवड्याची किंवा महिन्याची उधारी: महिनाभराच्या खरेदीचे एक बिल होते आणि ठरल्या तारखेला सगळे एकदम भरायचे. वेळेवर भरले तर सहसा काही जास्त लागत नाही. यातल्या काही योजना स्वतःला कर्ज म्हणतच नाहीत, त्यामुळे कर्जाचे तपशीलपत्रही दाखवत नाहीत. तिथे अटींच्या पानावर उशिराचे शुल्क शोधून वाचावे लागते.

तीन हप्ते: पहिला बहुतेक वेळा ऑर्डर करतानाच कापला जातो. 'व्याज शून्य' ठळक अक्षरांत, प्रक्रिया शुल्क बारीक अक्षरांत.

क्रेडिट कार्डावरची 'नो कॉस्ट ईएमआय': इथे बँक व्याज लावते आणि दुकान तेवढी सूट किमतीतच देते. व्याजावरचा १८ टक्के जीएसटी मात्र तुमच्याकडून जातो, वर कार्डाचे प्रक्रिया शुल्क. म्हणजे नावात 'नो कॉस्ट' असले तरी बिलात थोडी कॉस्ट असतेच.

चौथा प्रकार क्लिनिक आणि मोठ्या पार्लरच्या पॅकेजवरचे कर्ज. त्याचा मामला इतका वेगळा आहे की तो पुढे स्वतंत्र घेतला आहे.

नवख्याने पहिल्या प्रकारापासून सुरुवात करावी, तीही एकाच ॲपवर. तीन ॲपांवर दोन-दोन हजारांची मर्यादा मिळाली तर सहा हजार हाती आल्यासारखे वाटते. प्रत्यक्षात तीन वेगळ्या तारखा आणि तीन वेगळे दंड हाती आलेले असतात.

कोणत्या महिन्यात घ्यायचे

सरकारी नोकरी असेल तर हा भाग वगळा. कळंगुट, कोलवा, काणकोणकडे हॉटेलांत, शॅकवर (किनाऱ्यावरच्या हंगामी खाणावळीत), टॅक्सीवर किंवा पार्लरमध्ये काम असेल तर नीट वाचा.

शॅक मे अखेरीस उतरतात आणि ऑक्टोबरच्या सुमारास पुन्हा उभे राहतात. मधले चार महिने टिप नाही, सर्व्हिस चार्ज नाही, कधी कधी कामही नाही. आता हप्ते या दिनदर्शिकेवर ठेवून बघा. मे महिन्यातल्या लग्नासाठी घेतलेल्या मेकअपचे तीन हप्ते जून, जुलै, ऑगस्टमध्ये पडतात. वर्षातले सगळ्यांत कोरडे तीन महिने! तीच खरेदी जानेवारीत केली असती तर हप्ते हंगामातच फिटले असते. चवथीच्या, म्हणजे गणेशचतुर्थीच्या खरेदीचे गणित थोडे बरे असते, कारण दुसरा-तिसरा हप्ता हंगाम सुरू झाल्यावर येतो. अडतो तो पहिला. म्हणून चवथीला घेताना पहिला हप्ता लगेच न कापणारी योजना बघा, किंवा सरळ महिन्याच्या उधारीवर घ्या.

हप्त्याची मर्यादा ठरवताना हंगामातली कमाई धरू नका. वर्षातल्या सगळ्यांत कमी कमाईच्या महिन्यात हातात किती येते, त्याच्या पाच टक्क्यांवर सगळे हप्ते मिळून जाता कामा नयेत असे आमचे मत आहे. जुलैत १५,००० येत असतील तर मर्यादा ७५० रुपये. एवढ्यात बसत नसेल तर ती वस्तू या वर्षी हप्त्यांवर घेण्याची नाही. गृह आधार या सरकारी योजनेचे महिन्याचे १,५०० रुपये हप्त्यासाठी गृहीत धरणाऱ्या गृहिणींनीही जपून राहावे: ते ज्या तारखेला खात्यात येतील आणि ॲप ज्या तारखेला कापेल, त्या दोन तारखांचा मेळ बसेलच याची हमी कोणी देत नाही.

ज्यांच्याकडे पतसंस्थेचा पिग्मीवाला रोज येतो त्यांच्याकडे उलट्या बाजूचा उपाय आधीच आहे. रोजचे ५० रुपये टाकले तर १२० दिवसांत ६,००० होतात. तेवढ्या किमतीचा हेअर स्टायलर चार महिने उशिरा येईल, पण शुल्क नाही, तारीख नाही, सिबिलच्या पतअहवालात नोंद नाही. मुदतीआधी पिग्मी मोडली तर किती कापतात तेवढे आधी विचारून घ्या.

खाते उघडणे

हे काम दहा मिनिटांचे आहे. वय १८ पूर्ण, पॅन, आधारला जोडलेला मोबाईल क्रमांक आणि बँक खाते लागते. सेल्फी काढायला कॅमेरा आणि एकदा ठिकाण मागितले तर द्यावे. फोनमधले संपर्क, फोटो किंवा कॉलची यादी मागितली तर तिथेच थांबा. कर्ज देणाऱ्या ॲपला ती मागण्याची रिझर्व्ह बँकेने मनाई केली आहे. ॲप खरे आहे का हे बघण्याची सोयही आता आहे. १ जुलै २०२५ पासून रिझर्व्ह बँकेच्या संकेतस्थळावर कर्ज देणाऱ्या अधिकृत ॲपांची यादी ठेवलेली असते.

दोन चुका इथे नेहमी होतात. एक, कॉलेजातल्या मुलीने आईच्या पॅनवर खाते उघडणे. हप्ता मुलीने चुकवला तरी नोंद आईच्या नावावर पडते, आणि दोन वर्षांनी घराच्या कर्जासाठी आई बँकेत जाते तेव्हा ती समोर येते. दुसरी, पगाराच्या खात्याऐवजी रिकामे पडलेले खाते जोडणे. सहकारी बँकेत खाते असेल तर ती बँक स्वयंचलित वजावटीच्या यादीत आहे का ते आधी बघा. नसेल तर दर महिन्याला आठवणीने स्वतः भरावे लागते.

वजावटीची परवानगी, म्हणजे मँडेट देताना पडद्यावरची 'कमाल रक्कम' वाचा. हप्ता ६०० रुपयांचा आणि मँडेट १५,००० पर्यंतचे, असे सर्रास असते. हे बेकायदा नाही, पण आपण कशाला हो म्हणतो आहोत ते माहीत असावे.

तपशीलपत्र: यातल्या पाच ओळी वाचायच्याच

कर्ज असेल तर मंजुरीआधी तपशीलपत्र दाखवणे सक्तीचे आहे. त्याला केएफएस म्हणतात. घाईत 'सहमत' दाबण्याऐवजी पाच गोष्टी शोधा: कर्ज देणाऱ्या कंपनीचे नाव, वार्षिक टक्केवारी दर म्हणजे एपीआर, शुल्कांची यादी, उशिराचा दंड, आणि विचार बदलण्याची मुदत. ॲपचे नाव आणि कर्ज देणाऱ्याचे नाव बहुतेक वेळा वेगळे असते. ते लिहून ठेवा. झेस्टमनी ही या धंद्यातली नावाजलेली कंपनी. तिने डिसेंबर २०२३ मध्ये गाशा गुंडाळण्याचे जाहीर केले. मध्ये उभे असलेले ॲप बंद पडले तरी कर्ज बंद पडत नाही; ते मूळ देणाऱ्याकडे फेडावेच लागते.

एपीआर का बघायचा, ते एका उदाहरणाने कळेल. ६,००० रुपयांचा हेअर स्टायलर, दोन-दोन हजारांचे तीन हप्ते, व्याज शून्य, प्रक्रिया शुल्क १९९ रुपये. त्यावर १८ टक्के जीएसटी धरून २३४ रुपये ८२ पैसे. सहा हजारांवर दोनशे चौतीस, चार टक्केसुद्धा नाहीत, असे वाटते. पण सहा हजार तुमच्याकडे एकच महिना राहतात. दुसऱ्या महिन्यात चार, तिसऱ्यात दोन. या हिशेबाने वार्षिक दर २४ टक्क्यांच्या आसपास जातो. आणि पहिला हप्ता ऑर्डर करतानाच कापला असेल, तर खरी उधारी फक्त चार हजारांची, तीही दोनच महिन्यांची. मग तोच दर ५० टक्क्यांच्या आसपास पोचतो. व्याज शून्यच आहे, जाहिरात खोटी नाही. शुल्काने ते काम केले.

विचार बदलण्याची मुदत किमान एक दिवसाची असते. तेवढ्यात मुद्दल आणि त्या दिवसांपुरता खर्च भरून दंडाशिवाय बाहेर पडता येते. प्रक्रिया शुल्क तपशीलपत्रात आधी सांगितले असेल तर ते मात्र कंपनी ठेवून घेऊ शकते.

ऑर्डर करताना

सेलच्या दिवशी कार्टमध्ये वस्तू घातल्यावर पैसे भरण्याचा पर्याय तीनदा बदलून अंतिम रक्कम बघा: एकदा यूपीआयने पूर्ण भरून, एकदा कार्डाने पूर्ण भरून, एकदा हप्त्यांवर. १० टक्के सूट बऱ्याचदा पूर्ण रक्कम भरणाऱ्यालाच असते. ५,००० ची वस्तू रोखीत ४,५०० ला आणि 'नो कॉस्ट' हप्त्यांवर ५,००० ला, असे दिसले तर हप्त्यांची किंमत ५०० रुपये आहे, नाव काहीही असो.

'आणखी ३५० ची खरेदी करा, डिलिव्हरी फुकट' या ओळीला भुलून कार्ट फुगते ते उधारीवरच. रोख देताना माणूस ४९ रुपये डिलिव्हरी देऊन मोकळा होतो. आणि काही ठिकाणी 'पे लेटर' आधीच निवडून ठेवलेले असते. शेवटचे बटण दाबण्यापूर्वी ते एकदा डोळ्याखालून घाला.

पत्त्यात घर क्रमांक, वाडा, जवळचे देऊळ किंवा चॅपेल आणि चालू फोन नंबर घाला. ही सूचना किरकोळ वाटेल, पण उधारीचे घड्याळ ऑर्डरपासून किंवा माल निघाल्यापासून सुरू होते, पार्सल हातात पडल्यापासून नाही. सत्तरी, सांगे, काणकोणच्या आतल्या गावांत पावसाळ्यात पार्सल अनेकदा उशिरा पोचते. कुरियरवाला घर न सापडून परत गेला, की पंधरा दिवसांच्या उधारीतले आठ-दहा दिवस वाटेतच जातात.

पार्सल आल्यावर

उघडताना सलग व्हिडिओ काढा: आधी बंद पार्सलवरचे लेबल, मग आतले सील, मग बॅच क्रमांक आणि मुदत संपण्याची तारीख. मधे व्हिडिओ तोडू नका. सौंदर्यप्रसाधनांचे सील एकदा फोडले की 'शेड जमली नाही' म्हणून परत घेणारे दुकान विरळाच. फाउंडेशनची शेड पडद्यावर बघून ठरवू नका. पणजी, म्हापसा किंवा मडगावच्या दुकानात जाऊन जबड्याच्या कडेला लावून, बाहेर उन्हात येऊन बघा आणि मग शेडचा नंबर घेऊन ऑनलाइन मागवा.

परत पाठवलेच, तर नवखे हमखास इथे फसतात. परतीची विनंती केली म्हणजे हप्ता थांबला असे नाही. माल गोदामात पोचतो, तपासला जातो, दुकान पैसे कर्ज देणाऱ्याकडे पाठवते, तो खाते जुळवतो. या सगळ्यात हप्त्याची तारीख उलटू शकते. तारीख आली तर हप्ता भरा. जास्तीचे गेलेले परत मिळतात, पण थकल्याची नोंद पुसायला दगदग होते. तीन वस्तूंतली एकच परत केली तर काही ठिकाणी पुढचे हप्ते लहान होतात, काही ठिकाणी शेवटच्या हप्त्यातून वळते करतात. कोणते होणार आहे ते चॅटवर विचारा आणि उत्तराचा स्क्रीनशॉट ठेवा.

क्लिनिक आणि पार्लरची पॅकेजे

सगळ्यांत जास्त पैसे अडकतात ते इथे, कारण वस्तू हातात नसते. लेझरने केस काढण्याची सहा ते आठ सत्रे, दर चार ते सहा आठवड्यांनी एक. म्हणजे पाच ते दहा महिने. कर्जाची पूर्ण रक्कम मात्र पहिल्याच दिवशी क्लिनिकच्या खात्यात जमा होते. तुमचे देणे तिथून पुढे कर्जदात्याशी, आणि क्लिनिकला घाई उरत नाही.

त्यात गोव्याची एक अडचण वेगळी. उन्हाने काळवंडलेल्या त्वचेवर लेझर मारला तर भाजून डाग पडण्याचा धोका असतो, त्यामुळे चांगले क्लिनिक सत्र पुढे ढकलते. समुद्रकाठी काम करणाऱ्याचे किंवा रोज दुचाकीवर फिरणाऱ्याचे आठ सत्रांचे वेळापत्रक असे वर्षाच्या पलीकडे जाते. हप्ते मात्र ढकलले जात नाहीत. हार्मोनचा त्रास असणाऱ्यांना ठरल्यापेक्षा जास्त सत्रेही लागतात, आणि ती पॅकेजबाहेर मोजली जातात.

म्हणून सही करण्यापूर्वी काउंटरवर हे प्रश्न विचारा, आणि उत्तरे कागदावर घ्या. रोखीत एकदम दिले तर किती? एका सत्राचे सुटे किती? ३६,००० चे पॅकेज बारा 'बिनव्याजी' हप्त्यांवर आणि रोखीत ३२,००० असेल, तर ४,००० हे व्याजच आहे. मध्येच सोडले तर झालेल्या सत्रांचे पैसे कोणत्या दराने कापणार, पॅकेजच्या की सुट्या? हा प्रश्न सगळ्यांत महागडा. सुट्या दराने कापले तर चार सत्रांनंतर परत मिळण्यासारखे फारसे उरत नाही. क्लिनिक बंद पडले किंवा शाखा हलली तर काय? आणि सत्र कोण करणार, डॉक्टर की सहायक?

जिथे जमेल तिथे सत्रागणिक पैसे द्या. थोडे महाग पडले तरी परवडते, कारण तिसऱ्या सत्राला फरक दिसला नाही तर उठून येता येते.

पार्लरमधली केराटिन ट्रीटमेंट साधारण तीन ते पाच महिने टिकते. समुद्राचे खारे पाणी आणि तलावातले क्लोरीन तो काळ आणखी कमी करतात. तिच्यासाठी सहा हप्ते घेणे म्हणजे केस पुन्हा कुरळे झाल्यावरही हप्ते भरत बसणे. दोन, फार तर तीन हप्ते पुरे. पार्लरच्या बिलावर २२ सप्टेंबर २०२५ पासून जीएसटी ५ टक्के आहे. कोणी १८ लावला असेल तर विचारायला लाजू नका.

हप्ता चुकला तर

आधी एक हिशेब. महिन्याचे बिल ७०० रुपये, खात्यात ६४० च होते, मँडेट परत गेले. कंपनीचा दंड समजा २५०. तुमच्या बँकेचे मँडेट परत गेल्याचे शुल्क २५०, त्यावर जीएसटी ४५. तीन दिवसांनी कंपनीने पुन्हा मँडेट पाठवले, खात्यात अजूनही ६४०. बँकेचे आणखी २९५. सातशेच्या शांपू-फेसवॉशवर ८४० रुपयांचा भुर्दंड, आणि सातशे अजून उभेच. म्हणून साठ रुपये कमी पडतात हे आदल्या दिवशी कळले तर कोणाकडून तरी साठ रुपये मागून घ्या. यूपीआय ऑटोपेवर वजावटीची सूचना किमान चोवीस तास आधी येते. ती वाचण्यासाठीच असते.

चुकलाच, तर मँडेट पुन्हा जाण्याची वाट न बघता ॲपमधून हाताने भरा आणि पावती ठेवा. दंडावर व्याज लावणे रिझर्व्ह बँकेच्या नियमात बसत नाही. खरेच पैसे नसतील तर तारखेच्या आधी कर्जदात्याला ईमेल करून मुदत मागा. फोनवर बोललेले नंतर कोणाला आठवत नाही. एका ॲपचे फेडायला दुसऱ्यावर काढणे मात्र टाळाच, त्या वाटेला परतीची बस नाही.

वसुलीचा फोन सकाळी आठच्या आधी आणि संध्याकाळी सातच्या नंतर करता येत नाही. घरच्यांना, शेजाऱ्यांना, कामाच्या ठिकाणी फोन करून बदनामी करणे, धमकावणे हे नियमबाह्य आहे. असे झाले तर फोनची तारीख-वेळ टिपून ठेवा. 'पैसे परत देतो, फक्त हे ॲप डाउनलोड करा' किंवा 'ओटीपी सांगा' म्हणणारा वसुलीवाला नव्हे, चोर असतो. पैसे गेले असतील तर ताबडतोब सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनवर कळवा.

तक्रारीचा क्रम असा: आधी कर्ज देणाऱ्या कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला लेखी. त्याचे नाव आणि ईमेल तपशीलपत्रात असते. तीस दिवसांत उत्तर आले नाही किंवा पटले नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते; तिला शुल्क नाही, वकील लागत नाही, आणि माहितीसाठी १४४४८ हा क्रमांक आहे. माल खराब निघाला, पॅकेजची सेवा मिळाली नाही, अशी भांडणे ग्राहक हेल्पलाइनकडे, १९१५ वर. क्लिनिकशी वाद चालू असताना हप्ते एकाएकी बंद करू नका. कर्जदाता आणि क्लिनिक दोघांनाही एकाच ईमेलमध्ये लिहा, म्हणजे 'आम्हाला कळवलेच नाही' असे कोणाला म्हणता येणार नाही.

फिटल्यावर

शेवटचा हप्ता गेला की तीन कामे उरतात. ॲपमधून 'देणे बाकी नाही' हे पत्र उतरवून घ्या. बँकेच्या किंवा यूपीआयच्या ॲपमध्ये जाऊन त्या कर्जाचे मँडेट रद्द करा. कर्ज चालू असताना मँडेट रद्द केले तर देणे टळत नाही, फक्त दंड लागतो. फिटल्यावर मात्र ते उघडे ठेवण्याचे कारण नाही. तिसरे, महिना-दीड महिन्याने पतअहवाल बघा. सिबिल, एक्सपेरियन, इक्विफॅक्स आणि क्रिफ हाय मार्क या चारही संस्था वर्षातून एकदा पूर्ण अहवाल फुकट देतात. तिथे कर्ज अजून चालू किंवा थकलेले दिसले तर त्याच संस्थेच्या संकेतस्थळावर ते पत्र जोडून हरकत नोंदवा. तीस दिवसांत निकाल लागला नाही तर पुढच्या प्रत्येक दिवसाला १०० रुपये भरपाई तुम्हाला मिळायला हवी. हरकत नोंदवल्याची तारीख दिसेल असा स्क्रीनशॉट त्यासाठीच जपून ठेवायचा.

आणि फिटल्याच्या दुसऱ्याच दिवशी 'तुमची मर्यादा २,००० वरून १०,००० करण्यात येत आहे' असा संदेश येईल. तुमच्या स्पष्ट होकाराशिवाय ती वाढवता येत नाही. 'नंतर बघू' असे बटण खाली कोपऱ्यात, फिकट अक्षरांत असते.